न लिहिलेले पाच दिवस

मळवलीच्या स्थानकाबाहेर, रिक्षा उभ्या राहतात त्या वळणाच्या पलीकडे, डॉक्टर प्रज्ञेश ओव्हाळ यांचा दवाखाना आहे. दोन खोल्या, बाहेर पत्र्याची पडवी, पडवीत दोन लांब बाकडी. डॉक्टरांचे वडील याच लोहमार्गावर गँगमन होते. त्यांचा मुलगा वैद्यकशास्त्र शिकून इथेच परतला, याचे गावाला प्रारंभी फार कौतुक होते. पुढे त्या कौतुकात थोडी कुरकुर मिसळली, कारण हा डॉक्टर औषध देताना हात आखडता घेतो, अशी त्याची ख्याती झाली.

सर्दी झालेल्या माणसाला ते गरम पाणी प्यायला सांगत आणि तीन दिवसांनी यायला सांगत. सलाईन लावा म्हणून हट्ट धरणाऱ्याला समोर बसवून, त्या बाटलीत पाणी, मीठ आणि साखर याखेरीज काय असते, ते शांतपणे समजावत. समजावून झाल्यावर तो मनुष्य उठे आणि लोणावळ्याच्या दुसऱ्या दवाखान्यात जाऊन सलाईन लावून येई.

"सुई न्हाई, बाटली न्हाई, गोळ्या मोजून चार," बाकड्यावरची माणसे म्हणत. "ह्यो डाक्टर हाय का वाणी?"

"वाणी जास्त देतो रे," आत केसपेपर लावणाऱ्या शालनबाई तिथूनच उत्तर देत. "वाण्याकडं जा की." शालनबाई डॉक्टरांपेक्षा दहा वर्षांनी मोठ्या होत्या. एकोणीस वर्षे त्यांनी या दवाखान्याचे दार सांभाळले होते, आणि डॉक्टरांना जे बोलता येत नसे ते त्या बोलत.

गेली सात वर्षे डॉक्टर आणखी एक काम करत होते. शासनाच्या औषधविषयक खात्याला ते पत्रे लिहीत. त्यांचे म्हणणे साधे होते. डॉक्टरने चिठ्ठीवर औषधाच्या नावाइतकेच स्पष्टपणे ते कधी थांबवायचे हेही लिहावे. ती तारीख उलटल्यावर दुकानाने त्या चिठ्ठीवर औषध देऊ नये. आणि तीव्र वेदनाशामक गोळ्यांची पाकिटे लोहगडवाडीच्या टपऱ्यांवर बिस्किटांच्या पुड्यांशेजारी टांगलेली दिसू नयेत. पत्रांना पोच येत असे. पोचेखेरीज काही येत नसे.

या वर्षी मे महिन्यात मात्र पुण्याहून बोलावणे आले. एका समितीपुढे त्यांना आपले निवेदन मांडायचे होते. डॉक्टरांनी ते पाऊण तास मांडले. समितीचे अध्यक्ष वयोवृद्ध आणि सौम्य होते. त्यांनी सर्व ऐकून घेतले आणि म्हणाले, "डॉक्टर, आपण दुकानदारांची उदाहरणे पुष्कळ दिलीत. परंतु आपली मागणी डॉक्टरांना बांधणारी आहे. चिठ्ठी अपुरी लिहिल्यामुळे रुग्णाची हानी झाली, असे एक तरी उदाहरण मूळ चिठ्ठीसह आमच्यापुढे ठेवा. मग आम्हांला काही बोलता येईल."

डॉक्टर परतले. त्यांनी परिचयातल्या अकरा डॉक्टरांना विचारले. सर्वांनी मागणीला पाठिंबा दिला. चिठ्ठी कोणीच दिली नाही.

जूनच्या अखेरीस एका दुपारी करंजवाडीच्या मुक्ताबाई दवाखान्यात आल्या. वय अठ्ठावन्नच्या आसपास, अंगकाठी काटक. सहसा त्या दवाखान्याची पायरी चढत नसत. या वेळी सून प्रेरणा हिने आग्रहाने आणले होते. पायांवर सूज होती, आणि महिनाभरात अन्नावरची वासना गेली होती.

डॉक्टरांनी रक्तदाब पाहिला, पायावर बोट दाबले. दाबलेल्या जागी खळगा तसाच राहिला. रक्त आणि लघवी तपासणीसाठी तळेगावला पाठवली, आणि दोन दिवसांनी मुक्ताबाई सुनेबरोबर पुन्हा आल्या तेव्हा अहवाल टेबलावर होता. डॉक्टरांनी तो दोनदा वाचला.

"मावशी, तुम्ही कुठल्या गोळ्या घेता?"

"म्या? कायबी न्हाई. मला का रोग हाय?"

"अंगदुखीची एखादी?"

"ती व्हय!" मुक्ताबाईंचा चेहरा उजळला. "ती कामाची गोळी. ती औषिदात मोजायची व्हय? ती आवणीला लागती, कापणीला लागती, आन् मदी बंगल्यावर फरशी पुसाय जाते तवा लागती. पर ती तुमचीच हाय की."

त्यांनी कमरेची पिशवी सोडली आणि आतून एक कागद काढून टेबलावर ठेवला. लोणावळ्याच्या झेरॉक्सच्या दुकानात त्यावर दोन्ही बाजूंनी जाड प्लॅस्टिक चढवले होते, जसे लोक मुलांच्या शाळेच्या दाखल्यावर चढवतात. आत डॉक्टरांच्या हस्ताक्षरातली चिठ्ठी होती. नऊ वर्षांपूर्वीची तारीख. वेदनाशामक गोळीचे नाव, खाली सकाळ-संध्याकाळ एकेक. त्याखाली स्वाक्षरी.

डॉक्टरांना तो दिवस आठवला. आवणीत, भाताची रोपे लावताना, पाय घसरून मुक्ताबाईंच्या पाठीत उसण भरली होती. पडवीत चाळीस माणसे खोळंबली होती. 'पाच दिवस घ्या' असे ते तोंडाने म्हणाले होते. निश्चितच म्हणाले होते. कागदावर ते नव्हते.

"तुमची गोळी लागू पडली बगा," मुक्ताबाई सांगत होत्या. "मंग मी म्हनलं, कागद भिजाय नगं. आता समद्या वाडीला ह्योच कागद चालतो. आवणीच्या आधी ज्याच्या घरी सावड, त्यो येतो, कागद नेतो, मेडिकलमधनं पाकिटं आणतो, कागद परत आणून देतो. नऊ वरसांत कुनी हरवला न्हाई."

करंजवाडीत आजही आवणी सावडीने होते. एका दिवशी एका घरचे भातखाचर. सर्व घरांतून निदान एकेक बाई तिथे जाते. दुसऱ्या दिवशी दुसऱ्याचे. ज्याचे खाचर त्याच्या अंगणात सकाळचा चहा. हे पूर्वापार चालत आले आहे. नवीन इतकेच की गेल्या काही वर्षांत चहाच्या ताटात, कपांच्या शेजारी, एका वाटीत सोललेल्या गोळ्याही येऊ लागल्या. कोणी ठरवले नव्हते. एकाने ठेवल्या, दुसऱ्याला न ठेवणे कमीपणाचे वाटले. ताट प्रथम ओळीच्या पहिल्या बाईपुढे धरायचे, तिने चहा आणि गोळी उचलायची, मग बाकीच्यांनी. ओळीची पहिली बाई म्हणजे उजव्या टोकाला उभी राहून रोप लावणारी, जिच्या हाताच्या वेगाने सगळी ओळ मागे सरकते. करंजवाडीच्या ओळीची पहिली बाई बावीस वर्षे मुक्ताबाई होत्या.

 डॉक्टरांनी प्रेरणाला बाहेर बसायला सांगितले.

"मावशी, रक्त गाळून स्वच्छ करणारी दोन मूत्रपिंडे शरीरात असतात. तुमची अर्ध्याहून अधिक निकामी झाली आहेत. या गोळीनेच."

"किडनी म्हंता?"

"होय. आज ही गोळी कायमची थांबवली तर उरलेली बहुधा टिकतील. ही आवणी गोळीवर काढलीत, तर दिवाळीपर्यंत यंत्रावर रक्त शुद्ध करून घ्यावे लागेल. आठवड्यातून दोनदा, तळेगावला जाऊन. जन्मभर."

 खिडकीबाहेर एक मालगाडी घाटाकडे चढत होती. तिचे डबे संपेपर्यंत मुक्ताबाई पाहत राहिल्या.

"गोळीबिगर मला वाकता येत न्हाई, डाक्टर. सकाळी चूल फुकायला वाकत न्हाई, खाचरात काय वाकनार?"

"मग या वर्षी जाऊ नका. प्रेरणा जाईल."

"ती जाईल. पर पहिली कोन हुबी ऱ्हाईल? शकुबाई टपूनच बसलीया." त्या हसल्या, आणि लगेच गंभीर झाल्या. "हे कुनाला सांगायचं न्हाई. सुनंलाबी न्हाई. म्हातारी कामातनं गेली म्हनत्याल. तुमाला तुमच्या बाबासायबांची आन हाय."

"शपथेची गरज नाही. रुग्णाचे गुपित राखणे हाच आमचा धर्म आहे. परंतु मावशी, एक गोष्ट तुम्हांला सांगायलाच हवी. ही चूक तुमची नाही. इथे, या जागेवर, मी 'पाच दिवस' असे लिहायला हवे होते. मी लिहिले नाही."

मुक्ताबाईंनी कागद उचलून डोळ्यांजवळ नेला. अक्षरे त्यांना वाचता येत नव्हती. पण डॉक्टरांनी बोट ठेवलेली कोरी जागा त्यांना दिसली.

"एवढुशी जागा," त्या म्हणाल्या. मग कागद डॉक्टरांपुढे सरकवला. "ठिवा तुमच्यापाशीच. मला घरी असला तर हात जाईल."

त्या सायंकाळी डॉक्टरांनी समितीच्या अध्यक्षांना पत्र लिहायला घेतले. 'आपण मागितलेले उदाहरण सोबत जोडत आहे. रुग्णाचे नाव रुग्णाच्या इच्छेनुसार झाकले आहे. डॉक्टरचे नाव झाकलेले नाही.' शालनबाई दवाखाना झाडत होत्या. मागे उभे राहून त्यांनी ते वाचले.

"स्वतःच स्वतःची फिर्याद लावताय?"

"अध्यक्षांनी एक चिठ्ठी मागितली होती, शालनताई."

"उद्या हे पेपरात आलं म्हणजे? आधीच बाकडी रिकामी. ज्यांना सलाईन पाहिजे ते लोणावळ्याला जातात. उरलेले म्हणतील, ह्यानंच किडन्या घालवल्या."

"तसे म्हटले, तर ते खोटे असेल का?"

शालनबाईंनी केरसुणी कोपऱ्यात ठेवली. "खोटं नाही. पण सगळं खरं तुमच्याच डोक्यावर घ्यायला कोणी सांगितलंय? त्या मेडिकलवाल्यानं नऊ वर्षं तारीख बघितली नाही, ते?"

"ते मी सात वर्षे लिहीत आलो आहे. माझ्या वाट्याचे तेवढे राहिले होते."

पाकिटावर पत्ता त्यांनी स्वतः लिहिला, कारण डॉक्टरांचे अक्षर पोस्टात वाचता येत नाही, असे त्यांचे मत होते.

परंतु पत्राने मुक्ताबाईंचा प्रश्न सुटत नव्हता. करंजवाडीची पहिली सावड हौशीराम आबांच्या खाचरात, गुरुवारी. मुक्ताबाई घरी बसणार नाहीत, हे डॉक्टरांना ठाऊक होते. आणि ताट पुढे आल्यावर, सगळी वाडी पाहत असताना, त्या गोळी नाकारतील याची त्यांना खात्री नव्हती. आवणी वीस-बावीस दिवस चालते. रोजचे ताट, रोजची वाटी.

गुरुवारी सकाळची बुद्धवंदना आटोपून डॉक्टर स्कूटरवर निघाले. पाऊस बारीक होता. विसापूरचा माथा ढगात होता आणि खाचरांतले पाणी करडे दिसत होते. हौशीराम आबांच्या अंगणात चौदा-पंधरा बाया प्लॅस्टिकचे कागद डोक्यावर घेऊन बसल्या होत्या. आबा सत्तरीचे, गावात शब्दाला मान असलेले. डॉक्टरांना पाहून ते उठले.

"या डाक्टर! कोन आजारी हाय? हितं तर समदी ठणठणीत."

"आबा, आपल्या घरी चहा घ्यायला आलो. आणि दोन शब्द बोलायचे आहेत. बोलू का?"

"निवडनूक आली का काय?" शकुबाई म्हणाली. बाया हसल्या. शकुबाई मुक्ताबाईंच्याच वयाची. तिची जीभ तिच्या विळ्याहून अधिक चाले.

डॉक्टर उभे राहिले. सभेत बोलायची त्यांना सवय होती, अंगणात नव्हती. "तुम्ही कामाची गोळी ज्या चिठ्ठीवर आणता, ती चिठ्ठी माझी आहे. नऊ वर्षांपूर्वी मी ती एका माणसासाठी, पाच दिवसांसाठी दिली. पाच दिवस हे शब्द लिहायला मी विसरलो. ती गोळी रोज घेतली तर मूत्रपिंडे जातात. दुखत नाही, समजत नाही, आणि समजते तेव्हा फार उशीर झालेला असतो. चूक माझी आहे. मी तुम्हां सर्वांची क्षमा मागतो, आणि ही गोळी घेऊ नका अशी विनंती करतो. प्रत्येकीने दवाखान्यात येऊन रक्त तपासून घ्यावे."

 मग शकुबाई म्हणाली, "म्हंजी नऊ वरसं तुमीच दिली, आन् आता तुमीच न्हाई म्हंता. मंग उद्या आनी काय म्हनाल?"

"हा प्रश्न योग्य आहे, शकुमावशी."

"आन् कंबर दुखली तर?"

"दुखेल. विसावा घ्यावा लागेल. गरम पाण्याने शेकावे लागेल. तापावर घेतो ती साधी गोळी चालेल, तीही मला विचारून. काम थोडे मंद होईल."

"मंद!" हौशीराम आबांचा स्वर बदलला. "डाक्टर, रागवू नगा. माज्या दारात बाया आल्यात. त्येंच्या अंगाला आराम पडावा म्हून मी वाटी ठेवतो. माज्या बापानं कुनाला रिकाम्या ताटानं खाचरात धाडलं न्हाई. आज माजं ताट अर्धं जायाचं?"

"आबा, तुमची वाटी प्रेमाची आहे, म्हणूनच मला इथवर यावे लागले."

 आबांनी आत पाहून खूण केली. त्यांची नातसून ताट घेऊन आली. कपांतून वाफ निघत होती, आणि मध्ये स्टीलची वाटी होती. रिवाजाप्रमाणे ताट मुक्ताबाईंपुढे आले.

मुक्ताबाई खांबाला टेकून बसल्या होत्या. डॉक्टरांनी त्यांच्याकडे पाहिले नाही. पाहिले असते तर ते सांगितल्यासारखेच झाले असते. ते आपले पावसात भिजणाऱ्या स्कूटरकडे पाहत राहिले.

मुक्ताबाईंनी कप उचलला. दुसरा हात मांडीवरच राहिला.

नातसून ताट धरून उभी राहिली. तिला वाटले, मावशी विसरल्या. तिने वाटी थोडी पुढे केली.

"ने फुडं," मुक्ताबाई म्हणाल्या.

"मुक्ते," आबा म्हणाले, "माज्या घरची नगं झाली व्हय?"

"आबा, तुमचा चहा घेतला की. चांगला गोड हाय." त्यांनी एक घोट घेतला. मग कप खाली ठेवला आणि सगळ्या जणींकडे नजर फिरवली. सुनेवर ती थोडी अधिक थांबली. "डाक्टर सांगायचं न्हाईत. मी त्येंची जीभ बांधलीया. म्हून मीच सांगते. माजी किडनी अर्धी गेलीया. ह्याच वाटीनं. आता ऱ्हायलेली मला ठिवायचीया."

प्रेरणाने तोंडावर हात नेला. "आत्या, मला का नाही सांगितलं?"

"तुला सांगितलं आस्तं तर तू मला घरी बसवलं आस्तं."

 हौशीराम आबा पायरीवर बसले. "मंग आज वळ कशी चालायची?" त्यांनी विचारले, पण आवाजातला राग ओसरला होता.

"चालंल तशी. मी पहिलीच हुबी ऱ्हानार. जितकं वाकवंल तितकं वाकनार, दुखलं की बांधावर बसनार. मी बसले की वळबी बसंल. कुनाला पटत नसंल त्यानं पहिलं व्हावं." त्यांनी शकुबाईकडे पाहिले. "व्हतीस का?"

शकुबाईने वाटीकडे पाहिले, मुक्ताबाईंकडे पाहिले. "मला नगं बाई तुजी जागा," ती म्हणाली, "समद्यांच्या शिव्या पहिलीलाच पडत्यात." आणि तिने हात पुढे करून एक गोळी उचलली. आणखी तिघींनी घेतली. बाकीच्यांनी नुसता चहा घेतला, काहींनी आबांचा डोळा चुकवून.

डॉक्टर दवाखान्याच्या वेळेपर्यंत बांधावर थांबले. ओळ खाचरात उतरली. नेहमी ती एका लयीत मागे सरकत असे. आज तिला लय नव्हती. मुक्ताबाई चार मुठी लावत, कमरेवर हात ठेवून ताठ होत, पुन्हा वाकत. त्यांच्या चेहऱ्यावर वेदना स्पष्ट दिसत होती आणि त्या ती लपवत नव्हत्या. तासाभराने त्या बांधावर येऊन बसल्या. मागोमाग सगळ्या जणी आल्या. गोळी घेतलेल्या चौघीही आल्या, कारण चौघींची ओळ होत नाही.

सायंकाळी खाचराचा चौथा हिस्सा तसाच राहिला. सावडीत असे कधी झाले नव्हते. हौशीराम आबांनी त्या उघड्या चिखलाकडे पाहिले आणि म्हणाले, "उद्या शकूच्या घरची पाळी हाय. माजं ऱ्हायलेलं शेवटाला लावू. चिखल कुटं पळून जात न्हाई."

त्या वर्षी करंजवाडीची आवणी बावीसऐवजी एकोणतीस दिवस चालली. सगळ्या घरांनी वाटी बंद केली, असे मात्र झाले नाही. पाच घरांनी टपरीवरून पाकिटे आणून ठेवली, नऊ घरांनी ठेवली नाही. रक्त तपासायला अकरा जणी आल्या. त्यांतल्या दोघींचे आकडे बरे नव्हते. शकुबाई आली नाही. समितीकडून आलेल्या उत्तरात चिठ्ठीवरील मुदतीच्या नियमाचा मसुदा हरकतींसाठी प्रसिद्ध करण्याचे मान्य केले होते, आणि खाली अध्यक्षांनी स्वहस्ते एक ओळ लिहिली होती, की इतक्या वर्षांत अशी चिठ्ठी त्यांच्यापुढे प्रथमच आली. लोणावळ्याच्या दोन डॉक्टरांनी प्रज्ञेश ओव्हाळांशी बोलणे सोडले. दवाखान्याची बाकडी काही आठवडे खरोखरच रिकामी होती.

गौरी-गणपती झाल्यावर मुक्ताबाई अहवाल घेऊन आल्या. बरोबर प्रेरणा होती, आणि या वेळी ती बाहेर बसली नाही. डॉक्टरांनी कागद उलगडला. जुना अहवाल शेजारी ठेवला. आकडे एकाखाली एक पाहिले, मग चष्मा पुसून पुन्हा पाहिले.

"काय झालं?" मुक्ताबाईंनी विचारले.

"जूनमध्ये होते तेवढेच आहेत, मावशी. काहीच बदलले नाही."

"म्हंजी बरी झाले न्हाई."

"नाही. गेलेले परत येत नाही."

"मंग म्या महिनाभर कंबर धरून वरडत आवणी केली, आबाच्या शिव्या खाल्ल्या, शकीचं टोमणं ऐकलं, ते कायबी व्हनार न्हाई ह्यासाठी व्हय?"

"होय," डॉक्टर म्हणाले. "ह्यासाठीच."

 मुक्ताबाई हसू लागल्या, आणि हसताना कमरेत कळ आली म्हणून टेबलाची कड धरली. डॉक्टरांनी उठून खुर्ची मागे घेतली. प्रेरणाने हात पुढे केला. त्या हाताला धरून मुक्ताबाई सावकाश उभ्या राहिल्या, पडवीच्या दोन पायऱ्या एकेक करून उतरल्या आणि रिक्षांच्या वळणाकडे चालू लागल्या. चालणे दुखरे होते, मंद होते, आणि त्यांना घाई नव्हती.